जंगलातले दोन कॅमेरे

'फायरवॉच' या गेममध्ये सुरुवातीच्या दिवसांतच नायक हेन्रीला एक जुनी सॅक सापडते. ती ब्रायन गुडविन नावाच्या एका मुलाची. काही वर्षांपूर्वी हा मुलगा आपल्या वडिलांबरोबर याच जंगलात, हेन्री आता राहतो त्याच टॉवरवर राहून गेला. सॅकमध्ये एक कॅमेरा आहे. एकदाच वापरायचा, रोल संपला की अख्खा कॅमेराच धुवायला देऊन टाकायचा, त्या जातीचा. मुलाने थोडा रोल वापरलेला आहे. उरलेल्या फ्रेम दोन डझनांच्या आत. हेन्री कॅमेरा ठेवून घेतो आणि खेळणाऱ्याच्या हाती एक नवी गोष्ट येते. कॅमेरा काढायचा, डोळ्याला लावायचा, खट्ट करायचं, की एक फ्रेम कमी. फोटो कसा आला हे बघायची सोय नाही.

गंमत अशी की हा गेम कॉम्प्युटरवर खेळणाऱ्याकडे आधीपासूनच एक कॅमेरा असतो. गेम स्टीम या ऑनलाइन दुकानावरून चालू केला असेल तर एफ १२ दाबायचं. शटरचा आवाज येतो, कोपऱ्यात एक छोटी पाटी उगवते आणि चित्र जमा होतं. कितीही वेळा दाबा. म्हणजे वायोमिंगच्या या जंगलात मी दोन कॅमेरे घेऊन फिरतो. एक माझा, अमर्याद. दुसरा हेन्रीचा, हात राखून वापरायचा. लोक हा गेम त्यातल्या संवादांसाठी वाखाणतात आणि ते बरोबरच आहे. मला मात्र त्याची खरी खुबी या दोन कॅमेऱ्यांमधल्या ओढाताणीत दिसते.

ज्यांनी गेम खेळलेला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. सॅन फ्रान्सिस्कोच्या काम्पो सान्तो या छोट्या स्टुडिओने तो फेब्रुवारी २०१६ मध्ये आणला. काळ १९८९ चा उन्हाळा. आदल्याच वर्षी शेजारच्या यलोस्टोनमध्ये प्रचंड वणवे लागून गेलेले. शोशोनी राष्ट्रीय वनात वणव्यावर नजर ठेवायला उंच टॉवर आहेत. त्यातल्या 'टू फोर्क्स' नावाच्या टॉवरवर हेन्री उन्हाळ्यापुरता पहारेकरी म्हणून येतो. वय चाळिशीच्या आसपास, राहणार कोलोरॅडोतल्या बोल्डरचा. घरी बायको जूलिया. तिला अकालीच स्मृतिभ्रंश झालेला. हेन्री नोकरीसाठी जंगलात आलेला नाही, घरापासून पळून आलेला आहे. त्याच्या सोबतीला वॉकीटॉकी आणि त्यावरचा एक आवाज, दुसऱ्या टॉवरवरच्या डिलायलाचा. गोळीबार नाही, गुण नाहीत, पातळ्या पार करणं नाही. नकाशा आणि होकायंत्र हातात धरायचं, चालायचं, बोलायचं. चार-पाच तासांत गोष्ट संपते.

अशा गेममध्ये हात सारखा एफ १२ कडे जातो, कारण गेम विलक्षण देखणा आहे. हा देखणेपणा आला कुठून हे बघण्यासारखं आहे. चित्रांची मूळ दृष्टी ऑली मॉस या ब्रिटिश चित्रकाराची. सिनेमांची पोस्टरं मोजक्या रंगांत नव्याने रचण्यासाठी तो आधीच प्रसिद्ध होता. त्याच्यासमोर नमुना होता तो १९३० च्या दशकात अमेरिकी सरकारी योजनेतून निघालेल्या राष्ट्रीय उद्यानांच्या पोस्टरांचा. ती पोस्टरं रेशमी पडद्यावरून छापली जात. प्रत्येक रंगाला वेगळा पडदा, त्यामुळे रंग मोजके. जवळचं झाड गडद, त्यामागची टेकडी एका रंगात, त्यामागचा डोंगर दुसऱ्या रंगात, आणि आकाश तिसऱ्या. छपाईची अडचण हीच त्यांची शैली झाली.

कागदावरची ही सपाट चित्रं चालता येईल अशा जंगलात उतरवण्याचं काम जेन एन्ग या कलाकाराच्या वाट्याला आलं. त्यातली एक क्लृप्ती मला फार आवडते. एरवी गेममध्ये धुकं म्हणजे दूरचं सगळं एका रंगात हळूहळू बुडवणं. इथे धुक्याला एकच रंग नाही, रंगांची एक पट्टी आहे. डोळ्यापासून अंतर जसं वाढत जाईल तसा पट्टीवरचा पुढचा रंग लागतो. जवळ तपकिरी, मग शेंदरी, मग गुलाबी, मग फिकट पिवळा. त्यामुळे तुम्ही कुठेही उभे राहा, दरीत बघा की डोंगराकडे, जंगल आपोआप थरांत विभागलं जातं आणि समोर पोस्टर उभं राहतं. तुम्ही दोन पावलं सरकलात की रंग पुन्हा वाटले जातात, पुन्हा नवं पोस्टर.

आता या देखणेपणाची तक्रारही केली पाहिजे. 'फायरवॉच'मध्ये वाईट स्क्रीनशॉट काढणं अवघड आहे. वाट अशी आखली आहे की दोन खडकांच्या मधून बाहेर पडलं की बरोबर समोर दरी उघडते, उजवीकडे एक झाड ऐटीत झुकलेलं असतं आणि सूर्य दोन सुळक्यांच्या मधोमध. चौकट आधीच कुणीतरी लावून ठेवलेली आहे, आपण फक्त तिथवर चालत गेलो. माझ्या साठ्यातल्या चित्रांत सूर्यास्तांची नुसती लांबड आहे. एकेक सुंदर, आणि सगळे मिळून कंटाळवाणे. प्रेक्षणीय स्थळी जिथे रेलिंग आणि बाक असतो तिथूनच सगळे जण फोटो काढतात, तसलाच हा प्रकार. रेलिंग ऑली मॉसने घातलं आहे, श्रेय मी कसलं घेणार?

तरीही खेळणाऱ्याला स्क्रीनशॉट घ्यावासा का वाटतो? एक कारण जुनं आहे: पुरावा. १९८० च्या दशकाच्या सुरुवातीला ॲक्टिव्हिजन या गेम कंपनीच्या पुस्तिकांमध्ये आवाहन असे की अमुक इतके गुण मिळवा, टीव्हीच्या पडद्याचा फोटो काढा आणि आम्हाला टपालाने पाठवा, आम्ही कापडी बिल्ला पाठवू. १९८२ च्या 'पिटफॉल' या जंगलातल्या गेममध्ये त्यासाठी वीस हजार गुण लागत. मुलं खोलीतले दिवे घालवून, बापाचा कॅमेरा टीव्हीसमोर धरून आपला आकडा टिपत. त्यात जंगल कसं दिसतंय, मगर कुठे आहे याला काही महत्त्व नव्हतं. आकडा वाचता आला पाहिजे एवढंच. आपल्याकडे सायबर कॅफेत काउंटर-स्ट्राइकची फेरी संपल्यावर गुणफलकाचे स्क्रीनशॉट घेतले जात, तेही याच घराण्यातले. वरच्या ओळीत आपलं नाव, खाली मित्राचं. कुणाला मारलं, किती वेळा मेलो, सगळं पडद्यावर. चित्र म्हणून त्यात बघण्यासारखं काही नसे, आणि ते वर्षानुवर्षं जपून ठेवलं जाई.

स्क्रीनशॉटची कळही साधारण त्याच काळापासून होती. आयबीएमच्या पहिल्या पीसीवर शिफ्टसह प्रिंट स्क्रीन दाबलं की पडद्यावरचा मजकूर खरोखरच प्रिंटरकडे जाई आणि डॉट मॅट्रिक्स करकरत कागद बाहेर काढे. चित्र छापायचं तर आधी डॉसमध्ये ग्राफिक्स ही आज्ञा द्यावी लागे. पुढे विंडोज आलं आणि चित्र कागदाऐवजी क्लिपबोर्डवर जाऊ लागलं, तिथून पेंटमध्ये चिकटवायचं. त्या काळात पूर्ण पडद्यावर चालणाऱ्या गेममध्ये ही युक्ती हमखास दगा देई. इकडे जिवाच्या आकांताने कळ दाबावी आणि पेंटमध्ये निघावा काळाकुट्ट चौकोन. मग फ्रॅप्स नावाचा छोटा प्रोग्राम आला, एफ १० दाबलं की चित्र, पण फुकटच्या आवृत्तीत भल्यामोठ्या बीएमपी फाइली. क्वेकमध्ये एफ १२, माइनक्राफ्टमध्ये एफ २, हाफ-लाइफ २ मध्ये एफ ५, प्रत्येकाची कळ निराळी. २०११ मध्ये स्टीमने सगळ्यांसाठी एकच कळ आणली आणि स्क्रीनशॉट घेणं हा खटाटोप राहिला नाही.

खटाटोप संपला आणि पुराव्याची गरजही ओसरली, कारण गुण आता सर्व्हरवर आपोआप नोंदवले जातात. तरी लोक कळ दाबतच राहिले. म्हणजे ते आता काहीतरी पाहत होते.

माझ्या एफ १२ च्या साठ्यातलं एक चित्र इथे जरा सावकाश बघू. रात्र आहे. मी, म्हणजे हेन्री, टॉवरच्या गच्चीवर. चित्राच्या खालच्या कडेला कठड्याची लाकडी पट्टी, काळी. तिच्यापलीकडे झाडांची करवतीसारखी रेघ, तीही काळी, पण जरा निळसर. मग दूरवर डोंगराच्या खांद्यावर वणवा. ज्वाळा दिसत नाहीत, दिसतो तो त्यांचा उजेड: धुराला खालून लागलेला तांबडा रंग, वर जाता जाता जांभळा होत विरणारा. आणि या सगळ्या काळोखात एक पिवळा ठिपका, सुईच्या टोकाएवढा. तो डिलायलाच्या टॉवरचा दिवा. खाली पडद्याच्या तळाशी तिच्या बोलण्याची एक ओळ उमटलेली आहे, तिच्या नावासकट.

चित्र म्हणून पाहिलं तर ती ओळ म्हणजे अडगळ. स्क्रीनशॉटचे दर्दी असली अक्षरं पहिली काढून टाकतात. मी ती मुद्दाम ठेवली आहे. एरवी गेमच्या चित्रात आवाज येत नाही, इथे येतो. वणवा शेकडो एकर पेटवतोय आणि हे दोघे, कधीही एकमेकांना न भेटलेले, त्याच्याकडे बघत गप्पा मारताहेत, जवळ येताहेत, आणि ते जवळ येणं योग्य की नाही हे दोघांनाही ठाऊक नाही. चित्रात वणवा मोठा आहे आणि दिवा बारीक. पण नजर जाते दिव्याकडे, कारण आवाज तिकडून येतोय. ओळ पुसली तर दिवा नुसता ठिपका होईल आणि वणवा नुसती शोभा. रंगांनी जे उभं केलं ते शृंगार आणि भयानक यांच्या उंबरठ्यावरचं होतं, आणि तोल सांभाळला तो तळाच्या त्या पांढऱ्या अक्षरांनी.

आणखी एक गोष्ट त्या चित्रात आहे जी दिसत नाही. ते कुठून घेतलं आहे? हेन्रीच्या डोळ्यांच्या उंचीवरून. गच्चीवर तो जिथे उभा राहू शकतो तिथूनच. पुढे झुकून कठडा टाळता आला असता तर चित्र जास्त साफ झालं असतं. पण हेन्री जिथे आहे तिथेच आहे. त्या लाकडी पट्टीमुळे मला कळतं की बघणारा कुणीतरी आहे, तो थांबलेला आहे, आणि पलीकडे जाऊ शकत नाही.

हे महत्त्वाचं का, ते समजायला त्याच वर्षीची दुसरी घटना बघावी लागते. 'फायरवॉच'नंतर तीनच महिन्यांनी, मे २०१६ मध्ये, ग्राफिक्स कार्ड बनवणाऱ्या एनव्हीडियाने 'अँसेल' नावाची सोय जाहीर केली. नाव अर्थात अँसेल ॲडम्सवरून, योसेमिटीच्या कड्यांचे कृष्णधवल फोटो काढणारा तो थोर छायाचित्रकार. 'मिरर्स एज कॅटलिस्ट' हा ही सोय असलेला पहिला गेम. कळ दाबली की गेम गोठतो आणि कॅमेरा पात्रापासून सुटतो. मग तो झाडाच्या शेंड्यावर न्या, पात्राच्या पाठीमागे न्या, पडद्याच्या कितीतरी पट मोठं चित्र काढा, चहूबाजूंचं गोल चित्र काढा. याआधीही हौशी मंडळी गेमच्या आत शिरून, कॅमेऱ्याचे दोर तोडून हेच करत. इंग्लंडचे डंकन हॅरिस यांचं 'डेड एंड थ्रिल्स' हे संकेतस्थळ त्यासाठीच नावाजलं गेलं. त्यांच्या चित्रांत गेम त्याच्या निर्मात्यांनीही पाहिला नसेल इतका रेखीव दिसतो. हे कौशल्य आहे, आणि ते खरं आहे. उजेड कुठून येतोय, कोणत्या क्षणी पात्राचा खांदा वळतोय, पार्श्वभूमी किती धूसर हवी, हे कळायला छायाचित्रकाराचा डोळा लागतो.

पण ती चित्रं पाहताना एक प्रश्न माझा पिच्छा सोडत नाही: इथून कोण बघतंय? ॲडम्स पाठीवर कॅमेरा आणि तिकाटणं घेऊन बर्फातून चढला म्हणून तो कडा तिथून दिसला. त्याच्या फोटोत त्याचे पाय आहेत. सुट्या कॅमेऱ्याला पाय नाहीत. शिवाय फोटोला लागतो तो प्रकाश, आणि तो खरोखर कशावर तरी पडून आलेला असतो. गेमचं चित्र हे ग्राफिक्स कार्डाने मांडलेलं गणित आहे. सेकंदाला साठ चित्रं, म्हणजे एका चित्राला सतरा मिलिसेकंदांहूनही कमी वेळ, आणि पुढचं तयार झालं की आधीचं पुसलं. स्क्रीनशॉट म्हणजे त्यातलं एक पुसायच्या आत उचलून ठेवणं. मग त्या चित्राला कुणाचं तरी करते ती एकच गोष्ट: ते बघायला कोण, कुठे थांबलं होतं. कॅमेरा पात्रापासून सोडवला की नेमकी तीच गोष्ट हातातून जाते. राहतं ते सौंदर्य, पण बेवारस.

काम्पो सान्तोने याच्या नेमकं उलट केलं. कॅमेरा पात्राच्या हातात दिला. हे काही त्यांनी पहिल्यांदा केलं असं नाही. 'जीटीए सॅन अँड्रियास' खेळलेल्या आपल्याकडच्या पोरांना आठवत असेल, तिथेही सीजे या नायकाच्या हातात कॅमेरा देता येतो आणि काढलेले फोटो कॉम्प्युटरवर गॅलरी नावाच्या फोल्डरमध्ये खरोखर साठतात. पण तिथला कॅमेरा म्हणजे बंदुकांच्या यादीतलं आणखी एक हत्यार. फोटो काढला काय, न काढला काय, सीजेचं आतून काही बदलत नाही.

हेन्रीच्या कॅमेऱ्याने बदलतं. पहिली गोष्ट, तो संपणार आहे. छत्तीसचा रोल घेऊन सहलीला गेलेल्या पिढीला हे वेगळं सांगायला नको. महाबळेश्वरला पोचेपर्यंत सात फोटो संपलेत म्हणून घरातल्या मोठ्यांनी कॅमेरा काढून घेतला आहे, असे प्रसंग बऱ्याच मराठी घरांत झालेले असतील. एफ १२ ने मी सूर्यास्त गोळा करतो. हेन्रीच्या कॅमेऱ्याने सूर्यास्त काढायचा तर विचार पडतो, कारण उद्याही सूर्य मावळणारच आहे. मग नजर दुसरीकडे वळते. टॉवरमध्ये खोक्यात ठेवलेलं कासव, झाडाला ठोकलेली पाटी, टेबलावरची चिठ्ठी. सुंदर म्हणता येणार नाहीत अशा गोष्टी. 'हे मी पाहिलं' असं नंतर कुणाला तरी सांगावंसं वाटेल अशा.

आणि हे सांगायचं कुणाला, इथे गेम आपल्याला हळूच कोंडीत पकडतो. हेन्रीने फोटो दाखवावा असं माणूस एकच आहे, जूलिया, आणि ती आता त्याला ओळखेल की नाही याची खात्री नाही. जंगलात माणसं तर जवळजवळ दिसतच नाहीत. डिलायला हा आवाज आहे. पाण्यापलीकडे पोहणाऱ्या दोन मुली दूर आहेत, कड्यावर विजेरी घेऊन उभा राहिलेला माणूसही दूर आणि काळा. चेहरा म्हणून कॅमेऱ्यासमोर येत नाही तो नाहीच. एका माणसाच्या एकटेपणाबद्दलच्या गेममध्ये असा रोल भरतो ज्यात माणूस नाही. हे कुणी संवादात बोलून दाखवत नाही. तुमच्या बोटांनी ते केलेलं असतं.

पुढचं वाचण्याआधी ज्यांना गेम खेळायचा आहे त्यांनी इथे थांबलं तरी चालेल. कॅमेऱ्याचा मूळ मालक, तो ब्रायन, वडिलांबरोबर गुपचूप जंगल सोडून गेला असं डिलायला समजत असते. मुलांना टॉवरवर ठेवायला परवानगी नसते, पण तिने डोळेझाक केली होती, तिला तो पोरगा आवडायचा. काल्पनिक राक्षस-जादूगारांच्या खेळात रमणारा, झाडीत स्वतःचा लपायचा किल्ला बांधलेला. हेन्रीला तो किल्ला सापडतो. आणि बऱ्याच नंतर, एका गुहेत, तो मुलगाही सापडतो. दोराने उतरताना पडून मेलेला. बाप कुठेही गेलेला नव्हता. तो लोकांना तोंड दाखवण्याऐवजी वर्षानुवर्षं त्याच जंगलात लपून राहिला.

तोवर हेन्रीजवळ कॅमेरा आहेच. आता त्याच्या वजनाचा अर्थ बदलतो. मी रोल 'हेन्रीचा' म्हणत होतो, पण त्यातल्या सुरुवातीच्या फ्रेम त्या मुलाच्या आहेत. त्याच्या सॅकमधून तो उचलताना आपण काही विचारलं नव्हतं. आता न विचारता घेतलेली ती वस्तू म्हणजे त्या मुलाने काय पाहिलं याची एकमेव शिल्लक. नव्या डिजिटल कॅमेऱ्यात आधीच्या माणसाचं काही उरलेलं नसतं, कार्ड पुसून टाकलं की झालं. रोलचं तसं नाही. एकाच फितीवर, मधे दोन बोटांची जागाही न सोडता, आधी एक दहा-बारा वर्षांचा मुलगा आणि मग एक चाळिशीचा पळपुटा माणूस. कथानकात हे दोघे कधीच भेटत नाहीत. भेटतात ते त्या रोलवर.

हे सगळं उघडकीला येतं ते श्रेयनामावलीत. गेम संपतो तोवर वणवा सगळीकडे पसरलेला आहे, आकाश दिवसाढवळ्या नारिंगी झालंय, हेन्री डिलायलाच्या टॉवरवर पोचतो तर ती आधीच निघून गेलेली. ती भेट होत नाही, आणि ज्यांना ती हवी होती ते खेळणारे अजूनही चिडलेले आहेत. मग नावं सरकू लागतात आणि त्यांच्याबरोबर, धुऊन आलेल्या प्रतींसारखे, फोटो. आधी मुलाचे, मग तुमचे. मुलाच्या फोटोंत काय आहे ते सांगत नाही, ते ज्याचं त्याने बघावं. पण आपले फोटो त्यांच्या मागोमाग आले की आपण काढलेल्या कासवाच्या, पाटीच्या फोटोंकडे निराळ्या नजरेने पाहतो. जंगलात नवखा असलेला एक माणूस काय काय बघून थबकला, त्याची ही यादी. हेन्री भेदरलेला होता की मजेत होता, काय टाळत होता, हे गेमच्या लेखकांनी लिहिलं नसेल इतकं स्पष्ट त्या यादीत असतं. आणि ती यादी प्रत्येक खेळणाऱ्याची वेगळी.

एफ १२ ची चित्रं मात्र स्टीमच्या एका खोल फोल्डरमध्ये पडून आहेत. नावाच्या जागी तारीख आणि वेळ, सेकंदापर्यंत. त्यांना क्रम आहे, पण शेवट नाही. हेन्रीच्या रोलला शेवट आहे, आणि तो गेमने ठरवलेला नाही, आपण शेवटची फ्रेम कशावर खर्च केली यावर तो ठरतो.

काम्पो सान्तोने आणखी एक आगाऊपणा केला. कॉम्प्युटरवर खेळणाऱ्यांना गेममध्ये काढलेले फोटो पैसे भरून कागदावर मागवता येतील अशी सोय ठेवली. गेममधल्या काल्पनिक फोटो लॅबच्या नावाचं, ऐंशीच्या दशकातल्यासारखं पाकीट घरी टपालाने येई. पुठ्ठा, पाकीट, चकचकीत कागद. लोकांनी ते मागवले आणि काहींनी फ्रिजवर चुंबकाने लावले. कुणाला हा विक्रीचा चावटपणा वाटेल आणि त्यात तथ्य आहे. पण अख्ख्या गेममध्ये तुम्हाला फोटो बघू दिला नाही, वाट बघायला लावली, आणि शेवटी टपालासाठी आणखी थोडी वाट बघायला लावली, हा त्यातला सलगपणा मला भावतो.

एक पुरवणी नंतर आली, 'फ्री रोम' नावाची. त्यात गोष्ट नाही, डिलायला नाही, नुसतं जंगल. दिवस-रात्र आपोआप बदलतात, वाटेल तिथे भटका. स्क्रीनशॉटवेड्यांसाठी ही मेजवानीच, कारण संवादाची अक्षरं मधे येत नाहीत आणि हवा तो उजेड येईपर्यंत थांबता येतं. मी तिथे घेतलेली चित्रं तांत्रिकदृष्ट्या मूळ गेममधल्यांहून सरस आहेत. वर सांगितलेल्या रात्रीच्या चित्राची जागा मात्र त्यातल्या एकानेही घेतली नाही. तोच टॉवर, तोच कठडा, तेच डोंगर, रंगही तसेच. फक्त त्या पिवळ्या ठिपक्याकडे बघायला आता काही कारण नाही.

या स्टुडिओच्या डोक्यातून कॅमेरा काही गेला नव्हता. डिसेंबर २०१७ मध्ये त्यांनी पुढचा गेम जाहीर केला, 'इन द व्हॅली ऑफ गॉड्स'. १९२० च्या दशकातला इजिप्त, रशीदा आणि झोरा या दोन बायका, वाळवंट, आणि त्यांच्याकडे सिनेमाचा कॅमेरा. म्हणजे या वेळी एकटीने काढायचा फोटो नव्हता. दोघींनी मिळून चित्रण करायचं होतं, एकीने बघायचं आणि दुसरीने चौकटीत यायचं. 'फायरवॉच'मध्ये जे मुद्दाम हुकवलं होतं, कॅमेऱ्यासमोरचा माणूस, तेच इथे मध्यावर आलं असतं. पुढच्याच वर्षी स्टुडिओ स्टीमच्याच व्हॉल्व कंपनीने विकत घेतला, म्हणजे ज्यांनी एफ १२ ची कळ घराघरांत पोचवली त्यांनीच. २०१९ मध्ये त्या गेमचं काम थांबलं आणि मंडळी कंपनीच्या दुसऱ्या कामांकडे वळली. ट्रेलर अजून बघायला मिळतो. त्याचे स्क्रीनशॉट माझ्याकडे आहेत, पण ते गेमचे नाहीत, व्हिडिओचे आहेत, आणि त्यात कुठे थांबायचं हे मी ठरवलेलं नाही.